गावाचा इतिहास राजांच्या यादीऐवजी जमिनीतून आणि माणसांतून कसा लिहायचा? (दक्षिण सोलापूर)

सीनाकाठ

नमस्कार मंडळी. ग्रामपंचायतीच्या नव्या इमारतीत गावाच्या इतिहासाचे आठ फलक लावायचे ठरले आहेत. जो कच्चा मजकूर तयार झालाय त्यात चालुक्य, यादव, बहमनी, आदिलशाही, मराठे, इंग्रज, १ मे १९६० अशी रांग आहे. गावाचं नाव खोडलं तर हाच मजकूर लातूरच्या गावालाही चालेल आणि जालन्याच्याही. त्यात आमचं गाव कुठेच नाही.

हाताशी आहे ते असं. मारुतीच्या देवळामागे दोन वीरगळ (लढताना पडलेल्या वीराच्या स्मरणाचे दगड), एक अर्धा पुरलेला कन्नड लेख. गावाच्या उत्तरेला पांढरीचं टेकाड. शिवारात एका ठिकाणी वस्ती नसताना जुना मारुती. काही जुन्या उताऱ्यांवर 'वर्ग ३' आणि 'वर्ग ६-ब'. एका घरात मोडी कागदांचं गाठोडं. बोलायला मराठी, कन्नड, थोडी दखनी.

प्रश्न तीन:
१. सुरुवात कुठून करायची? कुठला कागद कुठल्या कचेरीत मागायचा?
२. जुन्या कागदांवरची सालं इसवी सनात कशी आणायची?
३. जमिनीची नोंद सापडते, पण त्या जमिनीवर राबणारी माणसं कागदात कशी शोधायची?

---

काळीपांढरी

सुरुवात राजापासून नको, मातीपासून करा. आपल्याकडे गावाचे दोनच भाग मानत आले: काळी म्हणजे पीक देणारी जमीन, पांढरी म्हणजे वस्तीची जागा. शेकडो वर्षांची चुलीची राख, शेण, पडक्या भिंतींची माती साठून वस्तीची जमीन पांढुरकी होते. तुमचं टेकाड म्हणजे गावाची जुनी वही आहे. तिथून घराला किंवा शेताला माती उचलणं आधी बंद करा. स्वतः खणूही नका. पावसाने उघड्या पडलेल्या खापराचा फोटो जागेवरच घ्या, शेजारी मोजपट्टी ठेवून.

पहिल्या फलकावर एकच प्रश्न घ्या: आपल्या गावात ज्वारी रब्बीला का? आपला पाऊस मुळात ५००-६०० मिलिमीटरच्या घरातला, त्यातला भरवशाचा भाग सप्टेंबर-ऑक्टोबरात, उत्तरा-हस्ताचा. खाली काळ्या बेसाल्ट खडकाची झिजून झालेली चिकण काळी. ती ओल धरून ठेवते, म्हणून पाऊस संपल्यावर पेरलेलं पीक नुसत्या ओलीवर निघतं. मालदांडी ३५-१ हे रब्बी ज्वारीचं वाण निवडलं गेलं ते मोहोळच्या केंद्रात. मंगळवेढ्याला ज्वारीचं कोठार म्हणतात ते याच मातीमुळे. हातभर खाली मुरूम लागतो त्या बरडावर हे जमत नाही. कुठल्या घराकडे खोल काळी होती आणि कुठल्या घराकडे बरड, इथूनच गावातली उतरंड दिसायला लागते. हे एकदा नकाशावर रंगवलं की बाकीचे फलक त्यावर उभे राहतात.

ही माहिती अंदाजाने लिहायची गरज नाही. कंपनी सरकारने गोल्डस्मिड आणि विंगेट यांच्याकरवी १८३६ च्या सुमारास इंदापुरात मोजणी आणि धाराबंदी (शेतसाऱ्याची आकारणी) सुरू केली. पुढच्या काही वर्षांत ती सोलापूरकडे आली. दर ३० वर्षांसाठी बांधलेला असायचा, म्हणून १८७० च्या आगेमागे फेरआकारणी होते. या मोजणीत प्रत्येक सर्व्हे नंबरात खड्डा घेऊन मातीची खोली 'हात' या मापाने मोजली आहे. चांगल्या काळीचा हिशोब असा: पावणेदोन हात खोल असेल तर १६ आणे (म्हणजे पूर्ण प्रत), दीड हात १४, सव्वा हात १२, एक हात १०, पाऊण हात ८, अर्धा हात ६, पाव हात साडेचार. मग दोष बघायचे. चुनखडी मिसळलेली, वाळूसर, उताराची, पाणी न मुरणारी, ओढ्याने धुपणारी, उपळणारी. एका दोषाला एक पायरी खाली. म्हणजे दीड हात काळी, पण चुनखडीची आणि उताराची असेल तर १४ वरून १२, १२ वरून १० आण्यांवर. तांबूस जमिनीची पट्टी याहून एक पायरी खालून सुरू होते, मुरमाड तर आणखी खालून.

कागद मागायचा तो तालुक्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात, उपअधीक्षकांच्या नावे नकलेचा अर्ज करून. 'गावाचे जुने रेकॉर्ड द्यावे' असा अर्ज केलात तर 'आढळून येत नाही' असं उत्तर येतं. कागदाचं नाव, गाव, सर्व्हे नंबर लिहून मागा. टिपण (शेताची आकृती आणि मापं), गुणाकार बुक (क्षेत्र कसं काढलं), प्रतिबुक (मातीची प्रत), आकारबंद (क्षेत्र आणि धारा), शेतवार पत्रक आणि गावचा जुना नकाशा. सातबारा, फेरफार आणि जुनी हक्कनोंदणी (क. ड. ई. पत्रक म्हणतात ते) मात्र तहसीलच्या अभिलेख कक्षात. हल्ली बरेच स्कॅन झालेत, पण मूळ पानाची कड दुमडलेली असेल तर स्कॅनमध्ये शेरा गायब असतो. शंका आली की मूळ पान बघायला मागा.

इथे हमखास होणारी चूक सांगतो. आजच्या सातबारावर गट नंबर असतो, जुन्या कागदावर सर्व्हे नंबर. १९४७ च्या तुकडेबंदी-एकत्रीकरण कायद्यानंतर जिथे योजना राबवली तिथे नंबर बदलले. आजचा गट ११२ आणि जुना सर्व्हे ११२ यांचा काडीचा संबंध नसतो. त्यासाठी एकत्रीकरण योजनेचा ९(३), ९(४) चा उतारा मागा. जुना नंबर, नवा गट, कोणाचं क्षेत्र कुठे गेलं, सगळं त्यात आहे. हा उतारा न काढता नकाशा रंगवलात तर पाटलाची जमीन भलत्याच्या नावावर जाईल आणि फलक उद्घाटनाच्या दिवशीच उतरवावा लागेल.

मापं: १ गुंठा म्हणजे ३३ × ३३ फूट, १०८९ चौरस फूट. ४० गुंठे १ एकर. टिपणातली साखळी ३३ फुटांची आणि तिचे १६ आणे. त्या आण्याला लांबीचा आणा समजा, पैशाचा नाही.

---

मोडीचा नाद

वरच्या प्रतिसादात एक भर. 'आणेवारी' हा शब्द तीन ठिकाणी तीन अर्थांनी येतो. प्रतिबुकात तो मातीचा कस. सातबारावर खातेदाराच्या नावापुढे '०-४-०' असेल तर तो हिस्सा, रुपयात चार आणे, म्हणजे पाव वाटणी. आणि तहसीलच्या दुष्काळी कागदात आणेवारी (आता पैसेवारी) म्हणजे त्या सालचं पीक. तिन्ही एकत्र करून 'गावची जमीन चार आणे प्रतीची' असं छापलेलं वाचायला मिळतं.

आता प्रश्न दोन. पण त्याआधी प्रश्न शून्य: तुमचं गाव कोणाच्या राज्यात होतं? आजचा सोलापूर जिल्हा एका राज्याचा तुकडा नाही, गोधडी आहे. मे १८१८ मध्ये जनरल मन्रोने सोलापूरचा किल्ला घेतला आणि मुलूख इंग्रजांकडे गेला, हे खरं. पण अक्कलकोट संस्थान वेगळं होतं. पारदच्या लढाईनंतर, १७०७ साली शाहू छत्रपतींनी जवळ केलेल्या फत्तेसिंह भोसल्यांच्या घराण्याचं हे संस्थान, ते १९४८ साली मुंबई प्रांतात विलीन झालं. त्याची सहा गावं तर पार माळशिरस तालुक्यात होती. मंगळवेढा सांगलीकर पटवर्धनांकडे. माळशिरस आधी साताऱ्याकडे. पूर्वेला आणि उत्तरेला निजामाची हद्द, तीही सरळ रेघेत नाही. त्यामुळे शेजारच्या दोन गावांतल्या एकाचं दप्तर पुण्याच्या पेशवे दप्तरात असू शकतं आणि दुसऱ्याचं संस्थानी दप्तरात. शेजारगावाचा कागद बघून 'आमच्याकडेही असंच' असं लिहू नका. दक्षिण सोलापुरातल्या अक्कलकोट हद्दीलगतच्या गावांनी तर हे आधी तपासावं.

सालं. कागदाच्या डोक्यावर बहुतेक यातलं एक असतं:

शक: ७८ मिळवा. चैत्र पाडव्याला बदलतो, म्हणून जानेवारीपासून फाल्गुनअखेरपर्यंतच्या तारखांना ७९.

सुहूर सन: आकड्यात नसतो, अरबी शब्दांत असतो आणि उलटा वाचायचा. इहिदे १, इसन्ने २, सलास ३, अर्बा ४, खमस ५, सीत ६, सबा ७, समान ८, तिसा ९, अशर १०, मया १००, मयातैन २००, अलफ १०००. 'इसन्ने अशर मया अलफ' म्हणजे २ + १० + १०० + १००० = १११२. त्यात ५९९ मिळवा, १७११. पण हे साल मृग नक्षत्राला, जूनच्या पहिल्या आठवड्यात सुरू होतं, म्हणून जानेवारी ते मे मधल्या तारखेला ६०० मिळवायचे. १७११-१२ असं लिहिलेलं बरं.

फसली: दख्खनी फसलीत ५९०, जानेवारीनंतर ५९१. हेही मृगसालच. फसली १२५८ म्हणजे १८४८-४९. इंग्रजी अमलातल्या महसुली कागदांवरही फसली येतं, त्यामुळे फसली दिसला की 'मोगली काळ' अशी उडी मारू नका.

'छ' हे अक्षर आणि पुढे आकडा दिसला तर तो चंद्र, म्हणजे हिजरी महिन्याची तिथी. 'छ २५ जिल्काद' हा कागदाचा नंबर नव्हे.

मोडीतल्या अडचणी. ऱ्हस्व-दीर्घ नाही, शब्द तोडलेले नाहीत, एकच शिरोरेघ सलग. गावाचं नाव ओळखीचं म्हणून पटकन वाचलं जातं, शेजारचं अनोळखी नाव चुकतं. सगळ्यात महाग पडणारी चूक अपूर्णांकाची. '१।' म्हणजे सव्वा, '१॥' म्हणजे दीड, '१॥।' म्हणजे पावणेदोन. उभ्या रेघा एक समजून '१॥' चे १११ बिघे केलेले लिप्यंतर छापून आलेले आहेत. जमिनीची जुनी मापंही एका जागी लिहून ठेवा: काठी ५ हात ५ मुठीची, २० काठ्यांचा पांड, २० पांडांचा बिघा, १२० बिघ्यांचा चाहूर. चाहुराचं एकरात रूपांतर मात्र फलकावर छापू नका. काठी आणि हात गावोगाव बदलत, शिवाय हलक्या जमिनीचा बिघा कागदोपत्री मोठा धरत. 'अर्धा चाहूर' आहे तसंच ठेवा.

गाठोडं उघडण्याआधी: कागद उन्हात वाळवू नका, सेलोटेप लावू नका, लॅमिनेशन तर कधीच नाही. आहे त्या क्रमाने प्रत्येकाच्या दोन्ही बाजूंचे फोटो, पाठीमागची कोरी बाजूसुद्धा, कारण शिक्का आणि 'मोर्तब सुद' बऱ्याचदा पाठीवर असतो. क्रम मोडला की कोणता कागद कोणाच्या उत्तरादाखल आलाय ते पुन्हा कळत नाही.

---

वीरगळ

अर्ध्या पुरलेल्या लेखाबद्दल. उकरू नका. पुरातत्त्व खात्याला कळवून, पंचांसमोर, काळजीने काढा. पुरलेला भाग ओल धरून मऊ झालेला असतो, पहारीने पापुद्रा निघतो आणि अक्षरासकट निघतो. शेंदूर, तेल, ऑइल पेंट लावलेला असेल तर खरवडू नका. खडूने अक्षरं गिरवणं तर बंदच. गिरवणारा त्याला जे दिसतं ते गिरवतो, पुढचा वाचणारा तेच वाचतो.

वाचनासाठी फोटो असा घ्या. सूर्योदयानंतर किंवा मावळतीआधी तासाभरात, ऊन दगडाला घासून जाईल तेव्हा. रात्री असेल तर टॉर्च दगडाच्या बाजूला, जवळपास समांतर. कॅमेरा समोर काटकोनात, पण फ्लॅश बंद. उजेड डावीकडून, उजवीकडून, वरून असे तीन फोटो. सरळ उजेडात अक्षराची खोली सपाट होते आणि काहीच वाचता येत नाही. आधी मऊ सुक्या ब्रशने धूळ काढा, पाणी लागलंच तर नुसतं पाणी, साबण-आम्ल नाही. ठसा घेणं (ओला कागद दगडावर बसवून, ब्रशने ठोकून, वर शाई) हे जाणत्याकडूनच करून घ्या. शाई कागदातून झिरपली की दगड कायमचा काळा.

लेख कन्नड आहे म्हणजे 'गाव तेव्हा कर्नाटकात होतं' असा अर्थ काढू नका आणि लपवूही नका. कल्याणीच्या चालुक्यांच्या काळात इथली दरबारी लेखनभाषा कन्नड होती, लोकांच्या तोंडी दोन्ही असाव्यात. तुमच्याच तालुक्यात, भीमा-सीनेच्या संगमावर हत्तरसंग कुडल इथे शके ९४० चा, म्हणजे १०१८ सालचा लेख आहे, त्यात 'वाछितो विजेया होईवा' ही मराठी ओळ आहे. वाचेल तो विजयी होईल. सोलापूरचे शिलालेख-अभ्यासक आनंद कुंभार यांनी तो उजेडात आणला. एकाच संगमावर दोन भाषा शेजारी नांदतात आणि बाराव्या शतकात सोन्नलगीचे (म्हणजे जुन्या सोलापूरचे) सिद्धरामेश्वर कन्नडात वचनं लिहितात, तळं खोदतात. आजही मकर संक्रांतीला नंदीध्वज निघतात तेव्हा मिरवणुकीत दोन्ही भाषा कानावर पडतात. सीमाप्रश्नावरच्या महाजन आयोगाने दक्षिण सोलापूरची ६५ गावं आणि अक्कलकोट कर्नाटकाला द्यायची शिफारस केली होती, ती अमलात आली नाही. हे सगळं एका फलकावर सरळ मांडा. भाषा लपवली की गावचा अर्धा इतिहास लपतो.

दानलेखात जमिनीचं माप 'मत्तर' असं येतं. शेत कुठल्या दिशेला, ओढा कुठला, शीव कोणत्या गावाशी, हेही असतं. ती शीव आजच्या गावनकाशावर ताडून बघा. हजार वर्षांनीही ओढा त्याच जागी असतो, गावाचं नाव तेवढं घासलेलं असतं.

वीरगळाचे थर खालून वर वाचायचे. खाली लढाई किंवा मरण, मध्ये अप्सरा वीराला नेतात, वर शिवलिंगाची पूजा आणि माथ्यावर चंद्र-सूर्य. खालच्या थरात गाई दिसल्या तर तो वीर गोधन वाचवताना पडलाय. राजाच्या युद्धात नव्हे, गावाच्या जनावरांसाठी. दुष्काळी मुलखात जनावर म्हणजे काय, हे त्या दगडाइतकं कुठेच सांगितलेलं नाही.

---

सीनाकाठ

फारच उपयोगी, आभार. शिवारातल्या एकट्या मारुतीबद्दल कोणी सांगेल का? आणि वर्ग ३, वर्ग ६-ब यांचा अर्थ उताऱ्यावर कुठेच लिहिलेला नाही.

---

हाडकी हाडोळा

एकटा मारुती, आसपास विटा-खापरं आणि एखादी पडकी विहीर असेल तर बहुधा बेचिराख गाव. जुन्या गावयादीत त्याचं 'मौजे' म्हणून नाव असतं, जनगणनेत 'उजाड'. त्याची शीव नंतर शेजारच्या गावात मिसळलेली असते. १९५१ पासूनच्या जिल्हा जनगणना पुस्तिकांमध्ये गावनिहाय यादी मिळते, तिथे लोकसंख्येच्या रकान्यात रेघ असलेली नावं आधी काढा. मग शेतांची नावं विचारा. नाव मेलं तरी 'अमक्याचा माळ' म्हणून शेताला चिकटून राहतं.

आता वर्ग. इनाम जमिनींची ही सरकारी विभागणी. वर्ग १ सरंजाम, २ जात इनाम, ३ देवस्थान, ४ देशमुख-देशपांड्यांसारखी चाकरी बंद झालेली वतनं, ५ परगणा आणि कुलकर्णी वतन, ६-अ रयतेच्या उपयोगाची कनिष्ठ वतनं (सुतार, न्हावी वगैरे), ६-ब सरकारच्या उपयोगाची कनिष्ठ वतनं (महार, रामोशी), ७ सार्वजनिक संस्था. म्हणजे तुमच्या ६-ब च्या उताऱ्यात प्रश्न तीनचं अर्धं उत्तर आहे. ज्यांनी शीव राखली, सारा कचेरीत पोचवला, सांगावा नेला, मेलेलं जनावर ओढलं, त्या माणसांची ही जमीन. मोबदल्यात बलुतं, आणि दिवसरात्र सरकारी वेठ. गावात 'हाडकी', 'हाडोळा', 'महारकी' अशी शेतनावं ऐकू आली तर ती लिहून घ्या आणि त्या नंबरांची प्रतिबुकातली प्रत काढा. इनाम दिली म्हणतात ती माती किती आण्यांची होती, हे फलकावर येऊ द्या.

पुढची साखळी फेरफारात शोधायची. परगणा आणि कुलकर्णी वतनं १९५० च्या कायद्याने, जात इनामं १९५२ च्या, कनिष्ठ गाववतनं १९५८ च्या कायद्याने गेली, पाटीलकी १९६२ च्या. देवस्थान इनाम म्हणजे वर्ग ३ मात्र राहिलं, म्हणून तो शेरा आजही दिसतो आणि ती जमीन विकता येत नाही. वतन खालसा झाल्यावर रक्कम भरून जमीन परत मिळाली, पण 'नवीन शर्त' (परवानगीशिवाय विकायची नाही) शेऱ्यासह. ती भरायला पैसे नव्हते त्यांचं काय झालं, ते पुढच्या पाच-सात फेरफारांत दिसतं: गहाण, मुदत संपली, खरेदी. एकेका ६-ब नंबराची १९५८ नंतरची फेरफार साखळी लावा. याशिवाय १ एप्रिल १९५७, कृषक दिन. त्यानंतरच्या '३२ग प्रमाणे खरेदी' (३२ग हे कूळकायद्याचं कलम) अशा नोंदी म्हणजे कूळ मालक झालं. पण त्याच्या आधीच्या आठ-दहा वर्षांतल्या 'कूळ राजीखुशीने कब्जा सोडत आहे' या नोंदीही मोजा. १९४८ चा कूळकायदा येताना कुळांना एवढी खुशी एकदम का झाली, ते वाचणाऱ्याला न सांगता कळेल.

माणसं शोधायचा सगळ्यात चांगला कागद म्हणजे कोतवाल बुक, गाव नमुना १४. जन्ममृत्यूची नोंद, जातीसह. हेही तहसीलच्या अभिलेख कक्षात. महिनावार मृत्यू मोजून आलेख काढा. मृत्यूच्या कारणात पटकी, देवी, ताप असे शब्द येतील. १९१८ च्या शेवटाला तापाचे मृत्यू एकदम वाढलेले दिसले तर तो इन्फ्लुएंझा. काळजी दोन ठिकाणी. पहिलं बाळंतपण माहेरी, म्हणून जन्म आईच्या माहेरगावी नोंदला जातो, तुमच्या गावच्या जन्मांत शेजारगावची मुलं आहेत. आणि बायकांची नावं बऱ्याचदा नाहीतच, 'अमक्याची बायको', 'अमक्याची मुलगी' एवढंच. ती रिकामी जागा फलकावर रिकामीच दाखवा.

---

पूर्वभाग

एक बाजू राहतेय. गाव सोडून गेलेली माणसं गावच्या कागदात सापडणार नाहीत, ती शहरात शोधावी लागतात.

जिल्ह्याची लोकसंख्या १८७२ च्या मोजणीत ७ लाख १९ हजार होती, १८८१ ला ५ लाख ८२ हजार. मधे १८७६-७७ चा दुष्काळ. जवळजवळ पाचवा हिस्सा माणूस नऊ वर्षांत कमी. त्यातली सगळी मेली नाहीत, बरीच पोटामागे गेली. रेल्वे १८६० च्या सुमारास सोलापुरात आलेली होती. १८७७ च्या आसपास जुनी गिरणी सुरू झाली, पुढे नरसिंग गिरजी, विष्णू, लक्ष्मी, जाम. गिरण्यांचा भोंगा आणि दुष्काळ एकाच दशकातले. तेलंगणातून पद्मशाली विणकर आले ते सोलापूर शहराच्या आमच्या पूर्व भागात वसले, हातमाग आणि मग यंत्रमाग. सोलापुरी चादर तिथली. खेड्यातून आले ते बहुतेक गिरणीच्या खात्यात. तुमच्या गावची कोणती घरं कोणत्या पेठेत गेली हे आडनावांवरून आणि गावजत्रेच्या वर्गणीच्या जुन्या वह्यांवरून निघतं. शहरातले लोक वर्गणी देतात आणि वहीत पत्ता असतो. १९३० च्या मे महिन्यातला मार्शल लॉ आणि १२ जानेवारी १९३१ ला येरवड्यात फाशी गेलेले मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन हे सगळ्यांना पाठ असतं. पण त्या दिवसांत रस्त्यावर उतरलेला गिरणीकामगार कुठल्या गावचा, ते कोणी विचारत नाही.

आणखी एक. कैकाडी, पारधी, टकारी, मांगगारुडी यांना 'गुन्हेगार जमाती' ठरवून सोलापुरात तारेच्या कुंपणात ठेवलं होतं, तेच सेटलमेंट. ३१ ऑगस्ट १९५२ ला तो शिक्का कायद्याने गेला. या लोकांकडे सातबारा नव्हता, म्हणून जमिनीतून इतिहास लिहायचा म्हटलं की पहिल्यांदा हेच गळतात. गावाच्या गायरानात, ओढ्याकाठी त्यांचा तळ कुठे पडायचा ते विचारा आणि नकाशावर खूण करा.

---

काळीपांढरी

पूर्वभाग यांचा मुद्दा बरोबर, पण १८७२-८१ चा जिल्ह्याचा आकडा गावावर तसाच लावू नका. नदीकाठच्या आणि खोल काळीच्या गावांत घट वेगळी, माळावरच्या गावांत वेगळी. १८८४ साली छापलेल्या गॅझेटिअरच्या सोलापूर खंडात तालुकावार तपशील आहे, तिथून निदान तालुक्याचा आकडा घ्या.

पाण्याचा फलक वेगळा करा. एकरुखचा तलाव (हिप्परगा म्हणतो तो) १८६६ ते १८७१ मध्ये आदिला नदीवर बांधला, मोहोळकडचा आष्टी तलाव दुष्काळी कामातून झाला. उजनी १९८० ला पूर्ण. कालवा आला की पट्ट्यापट्ट्याने ऊस आला आणि त्याच्यामागे काही ठिकाणी चोपण (क्षारांनी बिघडलेली जमीन). खोल काळीत निचरा मंद असतो, पाणी सतत दिलं की खालचे क्षार वर येतात आणि १६ आणे प्रतीच्या जमिनीत पांढरा थर धरतो. प्रतिबुकातली १८४० ची प्रत आणि आजचा मातीपरीक्षणाचा कागद एकाच नंबरासाठी शेजारी छापा. ताली (माती अडवणारे बांध) आणि समपातळी बांधही दाखवा, १९४२ च्या जमीन सुधारणा कायद्यानंतरचे. खोल काळीत नुसते समपातळी बांध घातले तिथे पाणी तुंबून बांध फुटले, म्हणून पुढे उतार देऊन बांध घालायला लागले. शेतकऱ्यांना फुटलेल्या बांधांच्या जागा अजून माहीत असतात.

---

सीनाकाठ

ठरलं मग. पहिला नकाशा मातीचा, शेवटचा तळांचा आणि गेलेल्या घरांचा. राजांची यादी तळाशी एका ओळीत. भूमी अभिलेखकडे ९(३), ९(४) चा अर्ज उद्याच टाकतो. एक शेवटची शंका: टिपणाच्या कडेला शेताच्या कोपऱ्यांवर लहान गोल काढलेत, ते काय?

---

काळीपांढरी

बहुधा बुरजी. मोजणीच्या वेळी शेताच्या कोपऱ्यावर मातीचा उंचवटा करायचे किंवा दगड रोवायचे. टिपणाच्या कोपऱ्यातली खूणसूची बघा म्हणजे खात्री होईल. मातीचे उंचवटे नांगरटीत गेले, दगड काही ठिकाणी अजून आहेत, अर्धे बांधात गाडलेले. सापडला तर हलवू नका, जागेवरच फोटो घ्या आणि टिपणातल्या साखळी-आण्यांनी पुढच्या कोपऱ्यापर्यंत मोजून बघा. लोखंडी साखळी नसेल तर ३३ फुटांवर गाठ मारलेला सुती नव्हे, नायलॉनचा दोर घ्या. सुती दोर दवाने आखडतो.